वकील वारले, तारखा मात्र फोनवर पडत राहिल्या

अमळनेर तालुक्यातल्या एका बाईंचं घटस्फोटाविरुद्धचं अपील मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात होतं. वकील वारले. त्यांचे कागद ने-आण करणारा माणूस फोनवर सांगत राहिला, "काही चिंता करू नको बहीन, मी शे ना." दर तारखेचे 2,000 रुपये, 'नव्या साहेबांची फी' वेगळी. पावती एकही नाही. प्रत्यक्षात नवं वकीलपत्र कुणी दाखल केलंच नव्हतं. पुकारा झाला तेव्हा कुणी हजर नाही म्हणून अपील डिसमिस झालं. बाईंना कळलं तेव्हा 14 महिने उलटले होते आणि नवऱ्याचं दुसरं लग्न झालं होतं. हिंदू विवाह कायद्याच्या कलम 15 प्रमाणे अपील फेटाळलं गेलं की त्याला तशी मोकळीक मिळते. ते लग्न झाल्यावर अपील पुन्हा उभं करणं फार जड जातं.

जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांची उच्च न्यायालयातली प्रकरणं याच खंडपीठाकडे जातात. तिथवर जाऊन यायचं म्हणजे दिवस मोडतो, रोज बुडतो, म्हणून माणूस फोनवर विसंबतो. फसवणाऱ्याला तेवढंच हवं असतं.

वकीलपत्र वकिलाच्या मृत्यूबरोबर संपतं; दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 3, नियम 4 तसं स्पष्ट सांगतो. ते कारकुनाकडे जात नाही. ज्युनियरचं नाव आणि सही त्याच वकीलपत्रावर नसेल तर त्याच्याकडेही जात नाही. तेव्हा बातमी कळल्याच्या आठवड्यात नवा वकील बघावा, वकीलपत्रावर स्वतः सही करावी आणि ते दाखल झाल्याचा शिक्का असलेली प्रत घरी आणावी. वकील हयात असून काम सोडत असतील तर त्यांनाही कोर्टाची परवानगी लागते. नवे वकील जुन्यांची ना हरकत मागतात. ती मिळत नसेल तर कोर्टात अर्ज करता येतो. फी बाकी आहे म्हणून फाईल अडवून ठेवायचा हक्क वकिलाला नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2000 मध्येच ठरवलं आहे.

तारीख खरी की खोटी, हे कुणालाही विचारायची गरज नाही. ई-कोर्ट्सच्या ॲपमध्ये 16 अक्षरी सीएनआर नंबर, म्हणजे प्रकरणाचा स्वतःचा ओळख क्रमांक, टाकला की पुढची तारीख, आधीचे हुकूम आणि प्रकरण निकाली निघालं असेल तर तेही दिसतं. हा नंबर फोनच्या मागे चिकटवून ठेवला तरी चालेल. एक गोष्ट हमखास राहून जाते, ती पत्त्याची. अपिलात सासरचा पत्ता असतो आणि बाई माहेरी राहते. कोर्टाची नोटीस परत जाते आणि हिला ते कळतही नाही. पत्ता बदलला की लगेच पुरसिस, म्हणजे कोर्टाला तसं लेखी निवेदन, द्यावी.

डिसमिस झालंच असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 19 खाली अपील परत दाखलावर घेण्याचा अर्ज करता येतो. मुदत 30 दिवस, आणि ती डिसमिसच्या तारखेपासून मोजतात, तुम्हाला कळलं त्या दिवसापासून नाही. उशीर झाला असेल तर मुदत कायद्याच्या कलम 5 खाली विलंबमाफीचा वेगळा अर्ज जोडावा लागतो. त्यात "वकिलाने फसवलं" एवढं एक वाक्य पुरत नाही. वकिलांचा मृत्यूचा दाखला, पैसे पाठवल्याच्या यूपीआय नोंदी, 'तारीख पडली' म्हणणारे व्हॉट्सॲप मेसेज, डिसमिस कळलं त्या दिवसाची छापील प्रत, हे सगळं तारीखवार लावून प्रतिज्ञापत्र करावं. रफीक विरुद्ध मुन्शीलाल (1981) या निकालात वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको असं म्हटलं आहे, पण तो सरसकट नियम नाही, हे सर्वोच्च न्यायालयानेच सलील दत्त प्रकरणात 1993 मध्ये बजावलं. आपण स्वतः किती चौकशी केली, हे न्यायाधीश विचारतातच.

वकिलाला द्यायला पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जावं किंवा 15100 वर फोन करावा. बायकांना उत्पन्नाची अट नाही.

पैसे खाणाऱ्याबद्दलची तक्रार वेगळ्या दारात जाते. ॲडव्होकेट्स कायद्याच्या कलम 35 खाली बार कौन्सिल फक्त वकिलाची चौकशी करते. कारकून किंवा दलाल असेल तर पोलीस ठाणं: 1 जुलै 2024 पासूनच्या प्रकाराला भारतीय न्याय संहितेचं फसवणुकीचं कलम 318, त्याआधीच्याला भारतीय दंड विधानाचं (भादंवि) कलम 420. मात्र पोलीस ठाण्याच्या चकरांमध्ये ते 30 दिवस घालवू नका. आधी कोर्टातला अर्ज दाखल करा.