फॉरमॅटवर फुकट मिळणारं ‘लाइफटाइम’ विंडोज

बेळगाव, खानापूर, निपाणी, कुठेही लॅपटॉप फॉरमॅटला टाका, बऱ्याचदा त्याच पैशांत ‘विंडोज प्रो, लाइफटाइम’ पदरात पडतं. हे लाइफटाइम बहुधा 180 दिवसांचं असतं.

विंडोज व्हिस्टापासून मायक्रोसॉफ्टने मोठ्या कंपन्यांसाठी केएमएस ही अ‍ॅक्टिव्हेशनची सोय आणली. ऑफिसातला एक सर्व्हर बाकीच्या पीसींना 180 दिवसांची मंजुरी देतो, पीसी दर 7 दिवसांनी ती वाढवून घेतो. किमान 25 पीसी नसतील तर सर्व्हर दादच देत नाही. केएमएसपिकोसारखं टूल असा खोटा सर्व्हर तुमच्याच पीसीत उभा करतं. त्याआधी, एक्सपीच्या काळात, कंपन्यांना दिलेली पण बाहेर फुटलेली परवाना-की चालायची. विंडोज 7 चा लोडर (क्रॅकचं टूल) पीसी सुरू होतानाच ब्रँडेड बायोसचा खोटा शिक्का दाखवायचा.

खरी गोम डिफेंडरची, म्हणजे विंडोजच्याच अँटिव्हायरसची. टूल चालावं म्हणून तो बंद करतात, कधी अख्खा सी ड्राइव्ह एक्सक्लूजनमध्ये (तपासणीतून वगळायच्या यादीत) टाकतात आणि तसाच सोडतात. मग मराठी-कन्नड लग्नपत्रिकेचं मॅटर घेऊन डीटीपीवाल्याकडचा पेन ड्राइव्ह आला, की त्यातला व्हायरस सी वर सुखाने नांदतो. टॅलीचा डेटाही तिथेच. इन्स्टॉलरचा भरवसा तर त्याहून कमी: केएमएसपिकोच्या नावाखाली क्रिप्टबॉट हा पासवर्ड आणि क्रिप्टो वॉलेट चोरणारा मालवेअर पसरत असल्याचं रेड कॅनरी या सायबर सुरक्षा कंपनीने 2021 मध्ये दाखवलं.

तपासायचं असेल तर सीएमडीत (कमांड प्रॉम्प्टमध्ये) रोमन अक्षरांत ‘एसएलएमजीआर’, एक स्पेस, ‘स्लॅश एक्सपीआर’ टाइप करा. घरच्या लॅपटॉपवर मुदत संपायची तारीख दिसली तर बहुधा केएमएसच. तारीख नाही म्हणून माल अस्सल, असंही नाही.

चीड येते ती पुढच्या गोष्टीची. विंडोज 8 पासून ब्रँडेड लॅपटॉपची की फर्मवेअरमध्येच, म्हणजे मदरबोर्डवरच्या चिपमध्येच असते. विंडोज 10 किंवा 11 होमसकट आलेल्या मशिनवर होमच टाकून नेट जोडलं, की ते आपोआप अ‍ॅक्टिव्हेट होतं. दुकानात त्यावर प्रो चढवतात, ती की प्रोला लागत नाही, मग क्रॅक! पैसे मोजलेला परवाना आत पडून, वर चोरीचा माल.

उपाय: डेटाचा बॅकअप, 8 जीबी पेन ड्राइव्ह, मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरचं मीडिया क्रिएशन टूल, सगळी पार्टिशन पुसून होम. नुसतं टूल अनइन्स्टॉल केल्याने एक्सक्लूजन जात नाही. असेंबल्ड पीसीला की विकतच घ्यावी लागते, आणि बिलावर एडिशन लिहून घ्या. तोवर कोपऱ्यातला वॉटरमार्क दिसेल, वॉलपेपर सेटिंगमधून बदलणार नाही, पण विंडोज 11 ला सिक्युरिटी अपडेट येत राहतात.