आठ महिने स्वतःच्या सर्टिफिकेट सर्व्हरवर: सरांच्या लाइफ स्टडी फोटोसंग्रहाचा अनुभव

गेल्या जूनमध्ये कोल्हापूरच्या मंगळवार पेठेतल्या आमच्या चित्रकलेच्या क्लासवर रास्पबेरी पाय ४ हा तळहाताएवढा कॉम्प्युटर (पुढे नुसता 'पाय') लावला, त्यावर स्टेप-सीए हा मोफत सर्टिफिकेट सर्व्हर बसवला आणि त्याच्या आड आमच्या चित्रकलेच्या सरांचा फोटोसंग्रह ठेवला. सर्टिफिकेट म्हणजे डिजिटल ओळखपत्र; ते ज्या लॅपटॉपवर आहे, त्यालाच संग्रह उघडतो. आता आठ महिने झाले. अशी सोय करावी का, असं बरेच जण विचारतात, म्हणून सविस्तर लिहितो.

संग्रह न्यूड लाइफ स्टडीचा, म्हणजे विवस्त्र मॉडेलच्या अभ्यासासाठी काढलेल्या फोटोंचा आहे. सर आयुष्यभर मुलांना मानवाकृती शिकवत आले. मॉडेल दर वेळी मिळायची नाही म्हणून ते फोटो काढून ठेवायचे. २०१९ च्या महापुरात शाहूपुरीतल्या त्यांच्या घरात पाणी शिरलं, तेव्हा निगेटिव्हचे डबे माळ्यावर होते म्हणून वाचले. पुढे ते माझ्याकडे आले. स्कॅन करून दोन हजारांवर फ्रेम्स झाल्या.

खरा वेळ खाल्ला तो नावांनी. प्रत्येक पाकिटावर सरांच्या बारीक अक्षरात खुणा होत्या. 'उ-पा-ड' म्हणजे उभी, पाठमोरी, भार डाव्या पायावर. 'बै-खि-२' म्हणजे बैठी, खिडकीचा उजेड, दुसरा रोल. ही पद्धत सरांची एकट्याची नव्हे. अमेरिकन फोटोग्राफर एडवर्ड वेस्टनच्या निगेटिव्हनाही अशीच अक्षरं असायची. १९२७ चा शंख '१ एस', १९३६ चं त्याच्या मॉडेलचं, कॅरिस विल्सनचं, न्यूड '२२७ एन'. एस म्हणजे शेल, एन म्हणजे न्यूड. अक्षर विषयाचं, आकडा क्रमाचा. हे कळल्यावर सरांची पाकिटं मी कोडं म्हणून न बघता वही म्हणून वाचू लागलो.

परदेशी संग्रह चाळताना मुलांची गल्लत होते, तेही सांगतो. जर्मन संग्रहात 'आक्ट' दिसलं की मुलं नाटकातला अंक समजतात. तिथे तो शब्द विवस्त्र आकृतीचा आहे, आणि 'ऱ्यूकेनआक्ट' म्हणजे पाठमोरी. एकोणिसाव्या शतकातल्या फ्रेंच फोटोंवरचं 'अकादमी' हे संस्थेचं नाव नाही, चित्रकारांच्या अभ्यासासाठी केलेली नग्नाकृती म्हणजे 'अकादमी'. फ्रेंच चित्रकार देलाक्रवाने १८५४ च्या सुमारास दुरिए या फोटोग्राफरच्या मदतीने असेच फोटो काढून घेतले होते आणि त्यांवरून तो रेखाटनं करायचा. हालचालींचे फोटो काढणाऱ्या मायब्रिजच्या १८८७ च्या ७८१ प्लेट्समध्ये तर माणसाचं नाव नसतंच, प्लेटचा नंबर आणि क्रिया एवढंच.

सरांच्या काही पाकिटांवर मात्र मॉडेलचं पूर्ण नाव होतं. त्यातल्या एका मावशींकडे मी मुद्दाम जाऊन विचारलं. त्या म्हणाल्या, "शिकणारी पोरं बघू देत की. पण गल्लीतल्या मोबाईलवर माझा फोटू फिरायला नको बघ." पुढचं सगळं काम या एका वाक्यावर उभं आहे. फाइलच्या नावातून माणसांची नावं काढली, फक्त स्थिती आणि उजेड ठेवला. नावांची वही कागदावर, कपाटात.

सर्व्हरवर सार्वजनिक सर्टिफिकेट घेतलं नाही, ते याच कारणाने. लेट्स एन्क्रिप्ट या संस्थेचं सर्टिफिकेट फुकट मिळतं, नव्वद दिवस चालतं, पण असं प्रत्येक सर्टिफिकेट 'ट्रान्सपरन्सी लॉग' या सार्वजनिक नोंदवहीत जातं. म्हणजे तुम्ही सर्व्हरला काय नाव दिलंत ते जगात कुणालाही शोधता येतं. मी पहिल्यांदा ठरवलेल्या नावात 'न्यूड' हा शब्द होता. विद्यार्थ्यांच्या सर्टिफिकेटवरही नाव घालायचं नाही असं ठरवलं, कारण टीएलएस या सुरक्षित जोडणीच्या पद्धतीच्या १.२ आवृत्तीत ते उघडंच प्रवास करतं. १.३ आवृत्ती सक्तीची केली, आणि सर्टिफिकेटवर नावाच्या जागी फक्त 'वही-१' ते 'वही-९'.

वापराला स्टेप-सीए सरळ आहे. नवीन लॅपटॉप आला की मी टोकन, म्हणजे तात्पुरता कोड, काढतो, मुलगा ते टाकतो, सर्टिफिकेट मिळतं. टोकन पाच मिनिटांत बाद होतं, त्यामुळे व्हॉट्सॲपवर पाठवून 'नंतर कर' म्हणण्यात अर्थ नाही, समोर बसवूनच करावं लागतं. मला ते आवडलं. आयफोनवर प्रोफाइल टाकूनही चालत नाही, सेटिंगमध्ये अबाउटच्या तळाशी जाऊन आपल्या सर्व्हरच्या मूळ (रूट) सर्टिफिकेटवर पूर्ण विश्वास चालू करावा लागतो. अर्धा तास त्यात गेला.

दिवसा मी शिरोली एमआयडीसीतल्या एका कारखान्याचे कॉम्प्युटर सांभाळतो. तिथे विंडोजची सर्टिफिकेट सेवा आहे. 'आरपीसी सर्व्हर अनअव्हेलेबल', म्हणजे सर्व्हरशी बोलणं होत नाही असा एरर आला की आधी सर्टयुटिल या कमांडने पिंग, मग डीएनएस, मग फायरवॉल, मग रद्द सर्टिफिकेटांची यादी शिळी झाली का ते. ती यादी मूळ सेटिंगमध्ये आठवड्याने संपते, आणि सुट्ट्यांनंतर हमखास तीच नडते. स्टेप-सीएत मुळात अशी यादी चालू नसते. रद्द केलं म्हणजे पुढचं नूतनीकरण मिळणार नाही, एवढंच. हातातलं सर्टिफिकेट मुदत संपेपर्यंत चालतं.

हे मी आधी नीट धरलं नव्हतं. मुलं फक्त शनिवार-रविवार येतात म्हणून चोवीस तासांची मुदत वाढवून सात दिवस केली होती. ऑक्टोबरमध्ये एका मुलीचा लॅपटॉप एसटीत राहिला. मी लगेच रद्द केलं, आणि मग लक्षात आलं की ते सर्टिफिकेट अजून पाच दिवस जिवंत आहे. सर्व्हर क्लासच्या वायफायच्या बाहेर दिसत नाही, म्हणून धोका छोटा होता. तरी मावशींचं वाक्य आठवून त्या रात्री झोप लागली नाही. आता मुदत पुन्हा चोवीस तास आहे, आणि मुदत संपल्यावरही नूतनीकरण करू देणारं सेटिंग चालू केलंय. रद्द केलेल्याला तेही मिळत नाही. पहिल्या दिवसापासून हेच करायला हवं होतं.

सगळ्यात जास्त छळलं ते घड्याळाने. जुलैतला रविवार, धो धो पाऊस, नेट दुपारपासूनच गेलेलं. आठच्या सुमारास लाईट गेली, साडेनऊला आली. पाय चालू झाला, पण एका मुलाला आत घेईना. ४०० चा एरर, म्हणजे सर्व्हरने विनंती नाकारली. मी लॉगमध्ये 'सर्टिफिकेट' आणि 'व्हॅलिड' एवढंच वाचून मुदत संपली असं धरलं, पण बाकीच्यांना तर तो आत घेत होता. पाय दोनदा रीस्टार्ट केला, काही नाही. दहाच्या आसपास काहीही न करता सुरू झालं. घरी जाऊन लॉग पुन्हा शब्द शब्द वाचला. मुदत संपल्याचा कोड १० नव्हता, ९ होता: 'नॉट यट व्हॅलिड'. मुदत संपलेली नव्हती, सुरूच झाली नव्हती.

पाय ४ ला स्वतःचं घड्याळ नसतं. तो तासातून एकदा वेळ लिहून ठेवतो आणि उठल्यावर नेटवरून दुरुस्त करतो. शेवटची नोंद ७:१७ ची, मुलाचं सर्टिफिकेट ७:३९ चं. नेट नव्हतं, त्यामुळे पाय उठला तो सव्वासातला, आणि त्याच्या हिशेबाने ते सर्टिफिकेट भविष्यातलं होतं. वीसेक मिनिटांनी त्याचं घड्याळ तिथे पोचलं आणि दार उघडलं. डीएस३२३१ हे सेलवरचं छोटं घड्याळ लावलं. त्यानंतर कितीदा लाईट गेली, पण ही अडचण परत आली नाही. पायवर स्टेप-सीए लावणार असाल तर हे घड्याळ पहिल्या दिवशी घ्या. आणि लहान क्लाससाठी, वर्कशॉपसाठी लावाच. आठ महिन्यांत त्याने नको त्याला एकदाही आत घेतलं नाही.

एक गोष्ट राहिली होती. चौदा पाकिटांवर नुसतं 'आ' होतं. 'आडवी' म्हणावं तर फोटोत उभी, 'आरसा' म्हणावं तर आरसा कुठेच नाही. ती 'अनिश्चित' फोल्डरमध्ये पडून होती. मागच्या महिन्यात मावशी क्लासवर आल्या, त्यांना त्यांचेच प्रिंट दाखवले. एका फोटोत त्यांचा हात उंच स्टुलावर टेकलेला. त्या म्हणाल्या, "लई वेळ उभं राहून पाय भरून यायचे. मग सर म्हणायचे, आधार घ्या." चौदाही पाकिटं पुन्हा काढली. कुठे स्टूल, कुठे भिंत, कुठे खिडकीची चौकट. संध्याकाळपर्यंत सगळी नावं बदलली.