गंजगोलाईतलं टिनच्या मालाचं दुकान, भाव बरा पण तारीख बघूनच घ्या
लातूरच्या गंजगोलाईतल्या या किराणा दुकानात टिनचा माल लई मिळतो, रसगुल्ला, आंब्याचा पल्प, अननस, मशरूम, स्वीट कॉर्न, अन भाव बी बरा. पण तारीख उलटलेले डबे बाजूच्या टोपलीत अर्ध्या भावात विकायलेत अन विचारलं तर म्हणतात, "टिन आहे ताई, काही होत नाही". हे मला अजिबात पटलं नाही.

बेस्ट बिफोर उलटली म्हणून डबा लगेच विषारी होत नाही हे खरंय, ती तारीख चव-रंगाची असते अन धड डबा थंड कोरड्या जागी असेल तर पुढंही टिकतो, अननस टोमॅटोसारखा आंबट माल साधारण दीड वर्ष, कॉर्न वाटाणे त्याहून जास्त. पण एक्स्पायरी किंवा यूज बाय उलटली की विषयच संपला, तो माल विकायचाच नसतो. त्यात आपल्याकडं मे महिन्यात पारा ४० च्या वर अन हे डबे पत्र्याच्या शेडखाली, कसले टिकतात!

मशरूमचा एक डबा वरून फुगलेला होता, मालकांना दाखवला तर त्यांनी अंगठ्यानं दाबून परत टोपलीत ठेवला!! अहो, असल्या डब्यात बोटुलिझमचं विष असू शकतं, त्याला ना वास ना चव, हातपाय लुळे पडतात, श्वास बंद पडू शकतो. फुगलेला, गळका, शिवणीवर चेपलेला किंवा उघडताना फवारा उडणारा डबा चाखून बघू नका, सरळ फेका.

दोन स्टार फक्त ताज्या मालासाठी. टोपली काढली की वाढवते.