हा जिन की यियुन ली: आधी कोणाला वाचावं?

चीनमधून अमेरिकेत गेलेल्या आणि इंग्रजीतच लिहिणाऱ्या लेखकांची ओळख करून घ्यायची असेल, तर निवड बहुतेक वेळा या दोघांपाशी येऊन थांबते. दोघंही शिकायला म्हणून गेले आणि तिथलेच झाले. बाकी साम्य फारसं नाही.

हा जिन ('हा' हा नावाचाच भाग) १९५६ चे, चीनच्या ल्याओनिंग प्रांतातले. माओंनी १९६६ मध्ये छेडलेल्या राजकीय मोहिमेत, म्हणजे सांस्कृतिक क्रांतीत, शिक्षण तुटलं, कोवळ्या वयात सैन्यात भरती होऊन ते सोव्हिएत सीमेवर राहिले. पुढे रेल्वेत तारयंत्रावर काम करताना रेडिओ ऐकून इंग्रजी शिकू लागले. १९८५ मध्ये अमेरिकेतल्या ब्रँडाइस विद्यापीठात आले, परत जायच्या बेतानेच. पण १९८९ मध्ये बीजिंगमध्ये सैन्याने लोकशाहीसाठी निदर्शनं करणाऱ्या लोकांवर गोळ्या झाडल्या. ज्या सैन्यात आपण वाढलो त्याने हे करावं, हा धक्का त्यांना पचला नाही. ते अमेरिकेतच राहिले आणि लिहायला इंग्रजी घेतली.

यियुन ली १९७२ च्या, बीजिंगच्या, वडील अणुशास्त्रज्ञ. १९९६ मध्ये त्या आयोवा विद्यापीठात रोगप्रतिकारशास्त्र शिकायला गेल्या आणि विज्ञान सोडून कथांकडे वळल्या.

मी आधी हा जिनच सुचवेन, आणि त्यातही 'वेटिंग' (१९९९). लिन कोंग हा सैन्यातला डॉक्टर दर उन्हाळ्यात घटस्फोट मागायला गावी जातो. जुन्या चिनी प्रथेप्रमाणे लहानपणी पाय घट्ट बांधून लहान ठेवलेली, अडाणी, साधीभोळी बायको शूयू घटस्फोटाला हो म्हणते, आणि न्यायालयात पोचल्यावर माघार घेते. इकडे लिनची प्रेयसी, रुग्णालयातली परिचारिका मान्ना, वाट बघत असते. नियम असा, की अठरा वर्षं वेगळं राहिल्यावरच बायकोच्या संमतीशिवाय सुटका मिळेल. शिवाय लग्न न झालेल्या स्त्री-पुरुषाने रुग्णालयाच्या आवाराबाहेर एकत्र फिरायचं नाही! हे सगळं हा जिन आवाज न चढवता सांगतात. सत्ता माणसाच्या घरात किती आत शिरते ते कळतं, पण लिनचा स्वतःचा बुळेपणाही सुटत नाही. म्हणूनच मला ही कादंबरी मोठी वाटते. वाक्यं छोटी आणि सरळ आहेत. मराठी माध्यमातून शिकून इंग्रजी जरा सावकाश वाचणाऱ्यांना शब्दकोश फारसा उघडावा लागणार नाही. कोरियन युद्धातल्या चिनी कैद्यांवरची 'वॉर ट्रॅश' (२००४) त्यानंतर घ्या.

मग लीकडे नक्की या, पण कथांच्या वाटेने. २००५ च्या पहिल्या संग्रहात 'एक्स्ट्रा' ही कथा आहे. बीजिंगचा तयार कपड्यांचा कारखाना बुडाल्याने नोकरी गेलेली, अविवाहित लिन आजी एका आजारी म्हाताऱ्याशी लग्न करते आणि त्याच्या मृत्यूनंतर श्रीमंतांच्या निवासी शाळेत कामाला लागते. तिथे कांग नावाचा सहा वर्षांचा नकोसा मुलगा तिला भेटतो. मुलींचे मोजे गुपचूप उचलणाऱ्या त्या पोरावर आजीचा जो जीव जडतो, तो तिच्या आयुष्यातला पहिलाच. ली इथे एकही जादा वाक्य लिहीत नाहीत. चीनच्या बदलत्या अर्थकारणाविषयी भाषण नाही, तरी नोकरी गेलेल्या बाईचं काय होतं ते पुरेपूर समजतं. राजकीय लेखन हवं असेल तर १९७९ मधल्या एका तरुणीच्या मृत्युदंडापासून सुरू होणारी 'द व्हॅग्रंट्स' (२००९) आहे. ती फार काळोखी आहे. एका दमात वाचू नका.

लीचं नंतरचं लेखन मात्र वेगळं मोजावं लागतं. २०१७ मध्ये त्यांचा मोठा मुलगा आत्महत्येने गेला, २०२४ मध्ये धाकटाही. 'व्हेअर रीझन्स एंड' (२०१९) म्हणजे आई आणि गेलेला मुलगा यांचा संवाद. मुलगा आईच्या शब्दांतल्या चुका काढतो, वाद घालतो, आणि आई त्याला बोलतं ठेवते. सांत्वन म्हणून हे पुस्तक कोणाला भेट देऊ नका. नुकतंच घरातलं माणूस गेलं असेल तर तूर्त बाजूला ठेवा. पण दुःखाला उत्तर नसतं हे मान्य करून कोणी लिहिलेलं वाचायचं असेल, तर हा जिनकडे तसं काही नाही. तिथे सरळ लीच उघडा.