लाकडी फ्लोअरिंग ‘सील’ करून देणाऱ्यांपासून सावध राहा

पुण्यातल्या आमच्या हॉलला इंजिनिअर्ड वुडचं फ्लोअरिंग आहे. वर ओकचा जेमतेम २ मिलिमीटरचा थर, खाली प्लायवूड. पावसाळ्याच्या तोंडावर एक माणूस सोसायटीत आला. त्याने बाल्कनीच्या दाराशी पाण्याचे थेंब टाकले. थोड्या वेळाने तिथलं लाकूड काळपट दिसू लागलं. “बघा ताई, लाकूड पाणी पितंय.” मग त्याने आपल्याजवळच्या, लेप दिलेल्या तुकड्यावर थेंब टाकले. ते तसेच उभे राहिले. दहा वर्षांच्या तोंडी गॅरंटीवर अख्ख्या हॉलचं काम ठरलं आणि पैसे त्याने आगाऊ घेतले.

फसवणूक त्या थेंबांतच होती. दाराशी सततच्या वावराने फिनिश, म्हणजे लाकडावरचा संरक्षक लेप, झिजलं होतं, म्हणून तिथे पाणी मुरलं. बाकी हॉलचं कारखान्यातलं फिनिश शाबूत होतं. सोफ्याखाली थेंब टाकले असते, तर तेही उभेच राहिले असते. दुरुस्ती हवी होती ती दाराजवळच्या पट्ट्याला, आणि त्याने विकलं अख्ख्या हॉलचं काम.

लेबल नसलेल्या डब्यातून त्याने लेप काढला, जमीन नुसती पुसून घेतली आणि फासला. संध्याकाळी हॉल चकचकीत! पाऊस लागल्यावर मात्र पांढुरके डाग उमटले, खुर्च्यांच्या पायांखाली सालं सुटू लागली. फोन केला तर आधी “तुम्ही ओल्या फडक्याने पुसलंत” आणि नंतर फोन बंदच.

दुसऱ्या एका जाणत्या पॉलिश मिस्त्रींनी कोपऱ्यात नाण्याने खरवडलं, तर भुसा पडावा तसा लेप निघाला. हे पीयू, म्हणजे पॉलियुरेथेनचा टिकाऊ लेप, नव्हेच; ॲक्रिलिकचं फ्लोअर पॉलिश आहे, असं ते म्हणाले. कारखान्यातलं फिनिश यूव्ही प्रकाशात कडक केलेलं असतं, त्यात बऱ्याचदा ॲल्युमिनियम ऑक्साइडही असतं. बारीक घासून घेतल्याशिवाय त्यावर नवा कोट धरत नाही. आता आधी हे पॉलिश पूर्ण उतरवायचं, कारण मेण किंवा सिलिकॉनचा अंश राहिला तर खरा पीयूही सुटतो. आणि २ मिलिमीटरच्या थरावर घासायचं मशीन तरी किती वेळा फिरवणार?

सगळ्यात संताप येतो तो वेगळ्याच गोष्टीचा. “पाणी आत जायला नको” म्हणून त्याने स्कर्टिंगखालची फटही सिलिकॉनने बुजवली. दमट हवेत लाकूड फुगतं, त्याला पसरायला जागा मिळावी म्हणून भिंतीलगत साधारण १० मिलिमीटरची ती फट मुद्दाम ठेवतात. ऐन पावसाळ्यात पट्ट्या मधोमध उचलल्या गेल्या.

कुणी असं काम सांगत आलं, तर मालाचं नाव आणि कंपनीचं माहितीपत्रक मागा. सोफ्यामागे फूटभर नमुना करून घ्या, आठवडाभराने नाण्याने खरवडा. मगच पैसे द्या, तेही पक्क्या बिलावर. फसलात तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर, १९१५ ला, तक्रार करा. आम्ही केली आहे, उखडलेल्या पट्ट्यांचे फोटो जोडून.