मेगा ११ : वंशवृक्ष शिकवणाऱ्यासाठी उत्तम सॉफ्टवेअर

नागपुरातील आमच्या प्राणिशास्त्राच्या पदव्युत्तर वर्गात डीएनए क्रमांवरून (डीएनएमधील अक्षरांच्या रांगांवरून) वंशवृक्ष, म्हणजे जातींमधील नात्यांचा फांद्यांचा आराखडा, काढण्याचे प्रात्यक्षिक आम्ही ‘मेगा ११’वर घेतो. १९९३ मध्ये पहिल्यांदा आलेले हे सॉफ्टवेअर आजही मोफत मिळते, आणि आज्ञावली टंकण्याची सवय नसलेला विद्यार्थीही पहिल्याच तासाला त्यावर काम सुरू करतो.

यंदा रोहू, कटला, मृगळ आणि तुलनेसाठी कार्प कुळाबाहेरची मरळ यांच्या सीओआय या जाती ओळखण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या जनुकाचे साधारण साडेसहाशे अक्षरांचे क्रम घेतले होते. काही जेनबँक या सार्वजनिक क्रमसंग्रहातून उतरवलेले, काही बाजारातून आणलेल्या माशांचे. ‘मसल’ पद्धतीने ते एकाखाली एक लावले, तेव्हा मृगळाची एक ओळ रिकाम्या जागांनी विस्कटलेली दिसली, आणि तसाच वृक्ष काढल्यावर त्या मृगळाची फांदी मरळीपेक्षाही लांब गेली. तो क्रम उलट दिशेच्या प्रायमरने (वाचन जिथून सुरू होते त्या छोट्या डीएनए तुकड्याने) वाचलेला होता. त्याच खिडकीत ‘रिव्हर्स कॉम्प्लिमेंट’ (क्रम उलटवून प्रत्येक अक्षराच्या जागी त्याचे जोडीदार अक्षर घेणे) करून पुन्हा मांडणी केली, तशी अक्षरांचे रंगीत रकाने वरपासून खालपर्यंत जुळले आणि तो मृगळ आपल्या जातभाईंत जाऊन बसला. चूक अशी डोळ्यांसमोर दिसणे हे मला या सॉफ्टवेअरचे सर्वांत मोठे बळ वाटते.

पर्याय मात्र समजून निवडावे लागतात. ‘कम्प्लीट डिलीशन’ निवडले की एका जरी क्रमात रिकामी जागा असलेला रकाना सर्वांसाठीच गळतो. चारशे अक्षरांचा एकच तोकडा क्रम घेतल्यामुळे आमच्या एका गटाची उरलेली सगळी माहिती अशीच वाया गेली होती. फांद्यांवरील बूटस्ट्रॅपचे आकडे, म्हणजे फेल्सेनस्टाइन यांनी १९८५ मध्ये सुचवलेली रकान्यांचे पुन्हा पुन्हा नमुने घेऊन फांदी किती वेळा टिकते हे पाहण्याची कसोटी, आम्ही १००० फेऱ्यांनी काढतो आणि ७० टक्क्यांच्या खालच्या फांदीवर निष्कर्ष बांधू देत नाही.

शेकडो लांब क्रमांचा ‘मॅक्झिमम लाइकलिहूड’ वृक्ष (हाती असलेले क्रम मिळण्याची शक्यता सर्वाधिक ठरवणारा वृक्ष) काढायचा असेल तर ‘आयक्यू-ट्री’ हे सॉफ्टवेअर अधिक वेगवान आहे, आणि बेझियन (वृक्षांची संभाव्यता मोजणाऱ्या) पद्धतीने वृक्ष काढण्यासाठी ‘मिस्टर बेझ’सारखे वेगळे साधन घ्यावे लागते. वृक्षासोबत वापरलेली पद्धत, अक्षरबदलांचे प्रतिमान आणि शेवटी उरलेल्या स्थानांची (रकान्यांची) संख्या सांगणारा तयार मजकूर मेगा देते, ही सोय मला फार मोलाची वाटते. तो मजकूर प्रबंधात उतरवण्याआधी त्यातील प्रत्येक वाक्याचा अर्थ मी विद्यार्थ्यांकडून तोंडी वदवून घेतो.