एलटीस्पाइस : अ‍ॅनालॉगला पक्के, डिजिटलला कच्चे

सर्किट डिझाइन शिकणाऱ्याने कोणते मोफत सॉफ्टवेअर वापरावे, असे विचारल्यास मी एलटीस्पाइसचे, म्हणजे संगणकावरच सर्किट चालवून दाखवणाऱ्या सिम्युलेटरचे, नाव घेईन. मात्र ही शिफारस अ‍ॅनालॉगपुरतीच, म्हणजे व्होल्टेज सलग बदलणाऱ्या सर्किटांपुरतीच, आहे. बर्कलीच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात १९७०च्या दशकात तयार झालेल्या स्पाइस या सर्किट सिम्युलेटरचा हा वारस मूळचा लिनियर टेक्नॉलॉजी या कंपनीचा. ती कंपनी २०१७ मध्ये अ‍ॅनालॉग डिव्हायसेसकडे गेली, तरी सॉफ्टवेअर मोफतच राहिले.

एका ट्रान्झिस्टरचा कॉमन एमिटर अ‍ॅम्प्लिफायर घ्या. कलेक्टरला ४.७ किलोओहम, एमिटरला १ किलोओहम आणि करंट सुमारे १ मिलिअ‍ॅम्पिअर असेल, तर गेन (सिग्नल किती पट वाढतो ते) साडेचारच्या आसपास राहतो. एमिटरच्या रेझिस्टरला समांतर पुरेसा मोठा कपॅसिटर जोडताच तो दीडशेच्या पुढे जातो. हे गणित वहीतही सुटते. परंतु इनपुट थोडे वाढवल्याबरोबर साइन वेव्ह कोणत्या बाजूने आधी बिघडते, हे वायरवर नुसते क्लिक करून पाहता आले, की बायसिंग (ट्रान्झिस्टरला आधीच योग्य व्होल्टेज व करंट देऊन ठेवणे) कशासाठी करायचे ते पक्के डोक्यात बसते.

नवख्याने एक खोड मात्र ध्यानात ठेवावी. मेगाओहमसाठी नुसते ‘एम’ लिहिले, तर सॉफ्टवेअर ते मिलिओहम समजते, म्हणजे एक अब्जपटीचा फरक पडतो आणि चूक झाल्याचा इशाराही मिळत नाही. ‘मेग’ असेच लिहावे लागते.

डिजिटलकडे, म्हणजे फक्त ‘हाय’ आणि ‘लो’ ओळखणाऱ्या सर्किटांकडे, वळल्यावर उत्साह ओसरतो. यातील गेट (लॉजिकचे मूलभूत घटक) मुळात आदर्श असतात: त्यांचा ‘हाय’ १ व्होल्टचा आणि विलंब शून्य. ५ व्होल्टचे लॉजिक हवे असल्यास प्रत्येक गेटला तो आकडा द्यावा लागतो, आणि विलंब स्वतः भरला नाही तर ग्लिच, म्हणजे विलंबातील फरकामुळे क्षणभर उमटणारा चुकीचा सिग्नल, कसा असतो ते विद्यार्थ्याला कधी दिसतच नाही. काउंटर आणि स्टेट मशिनसाठी (ठरावीक अवस्थांतून जाणाऱ्या सर्किटांसाठी) व्हेरिलॉग ही डिजिटल सर्किटे लिहिण्याची भाषा शिकून इकारस व्हेरिलॉग हा तिचा सिम्युलेटर वापरणे अधिक शहाणपणाचे. तेही मोफतच आहे. ५५५ टायमर या वेळ ठरवणाऱ्या चिपसारख्या दोन्हींच्या सीमेवरच्या सर्किटांना मात्र एलटीस्पाइस उत्तम, कारण त्याचे मॉडेल तयारच मिळते.

ब्रेडबोर्डला (सोल्डरिंगशिवाय खरे सर्किट जोडण्याच्या पाटीला) मात्र याने सुट्टी मिळत नाही. दोन ट्रान्झिस्टरचा, दोन्ही बाजू तंतोतंत सारख्या असलेला अस्टेबल मल्टिव्हायब्रेटर (आलटून पालटून आपोआप चालू-बंद होत राहणारे सर्किट) पडद्यावर अनेकदा जागचा हलत नाही, कारण तेथे नॉइज नसतो आणि दोन ट्रान्झिस्टरांत तिळमात्र फरकही नसतो. सुरुवातीचे व्होल्टेज द्यावे लागते किंवा सप्लाय शून्यापासून चढवावा लागतो. ब्रेडबोर्डवर तेच सर्किट सप्लाय जोडताच बहुधा आपोआप चालू होते.